तुळशीवृंदावनावर कोयरी की कमळ? गोव्याची नक्षी कुठली म्हणायची?

सुरंगी (धागाकर्ती)
डिचोली तालुक्यात आमचं जुनं चिऱ्याचं घर आहे. मधे राजांगण, त्यात तुळशीवृंदावन. सासऱ्यांच्या काळात कुणीतरी त्याला सिमेंट फासून वर ऑइलपेंट मारला, तो आता पापुद्रे सुटून पडतोय. चवथीच्या आधी नवं करून घ्यायचं मनात आहे. कंत्राटदार म्हणतो, "कोयऱ्यांचं स्टेन्सिल आहे, दोन रंगांत मारून देतो, एकदम एथनिक दिसेल." शिवाय ओसरीच्या भिंतीला निळ्या-पांढऱ्या फुलांच्या टाइल्ससारखं दिसणारं स्टिकर लावायचा त्याचा आग्रह. सासूबाईंना कोयरी हवीच आहे. नवरा फक्त आकडा विचारतो.
मला एवढंच कळत नाहीये की गोव्याची म्हणावी अशी फुलापानांची नक्षी कुठली? कोयरी आपली का? निळी फुलं आपली का? की सरळ आबोली काढून मोकळं व्हावं? फोटो टाकलेत. हसू नका.

गप्पिष्ट_म्हापसा
हसलो नाही. वृंदावन चांगलं आहे की! स्टिकर लावा, पावसात सुटलं तर दुसरं लावा. गोव्याची नक्षी म्हणजे पणजीच्या दुकानात फ्रीजला चिकटवायच्या चुंबकावर असते ती. बाकी सगळं हौशी लोकांचं खूळ.

टाकाबाका
गप्पिष्ट, तुमच्या घरात टीव्हीच्या डोक्यावर क्रोशाचा रुमाल आहे की नाही ते आधी सांगा, मग खुळाबद्दल बोलू.
सुरंगीताई, कोयरी "आपली" का याचं उत्तर सरळ नाही, पण रंजक आहे. मूळ इराण-काश्मीरकडचं. सतराव्या शतकातल्या काश्मिरी शालींच्या पदरावर जो बुट्टा दिसतो तो चक्क फुलांचं एक रोप असतो, कधी कधी खाली मुळांसकट. दोन रोपांमध्ये भरपूर रिकामी जागा. पुढे अठराव्या शतकात फुलं वाढत गेली, एकमेकांना चिकटली, रोपाची बाह्यरेषा बंद झाली आणि शेंडा एका बाजूला कलला. आपण जिला कोयरी म्हणतो ती हीच. मग या शाली युरोपात गेल्या, महाग पडल्या, म्हणून तिकडे नकला सुरू झाल्या. स्कॉटलंडमधलं पेझली गाव त्यात इतकं पुढे गेलं की इंग्रजीत नक्षीला गावाचंच नाव पडलं.
आता मला यात खरी गंमत वाटते ती मागाची. काश्मीरची कानी शाल लाकडाच्या छोट्या छोट्या काड्यांवर रंगीत सूत गुंडाळून विणतात. प्रत्येक रंगाचा तुकडा वेगळा, कुठला रंग किती धाग्यांवर घ्यायचा ते 'तालीम' नावाच्या सांकेतिक कागदावर लिहिलेलं. एका शालीला महिनेच्या महिने, मोठ्या कामाला वर्षंही लागतात. याउलट जकार्डचा माग १८०४ चा, छिद्रं पाडलेल्या पुठ्ठ्यांवर चालणारा. तो पेझलीत पोचला आणि कोयरी लांबट, वळणदार, आत आणखी चार कोयऱ्या पोटात घेतलेली अशी झाली. कारण आता वळणं फुकट होती! विणकराच्या बोटांना त्याचे कष्ट नव्हते. १८७० च्या आसपास शालीची फॅशनच संपली आणि धंदा बसला, दोन्हीकडचा. काश्मीरवर तर १८७७ ते ७९ चा दुष्काळही कोसळला.
आपल्या पैठणीतली कोयरी घ्या. तीही तुकड्या-तुकड्यांनी विणतात, म्हणून जवळून पाहिलं तर वळणाच्या जागी पायऱ्या दिसतात. ती चूक नाही, तेच तिचं सौंदर्य. कंत्राटदाराचं स्टेन्सिल बहुधा यापैकी कशाचंच नसेल. लॅपटॉपवर काढलेली गुळगुळीत कोयरी असेल.

तिखटजाळ
छान लेख झाला. पण ताईंनी वृंदावनाचं विचारलंय, शालीचं नाही.

टाकाबाका
कळलं हो. एवढंच म्हणायचंय की नक्षी कागदावर ठरत नाही, हत्यारावर ठरते. वृंदावन कशानं करणार ते आधी ठरवा, फूल आपोआप ठरेल.

भाटकार_मडगाव
बाये, स्टिकर मात्र लावू नकोस, हात जोडतो. निळ्या टाइल्सचं माझ्याकडून ऐक. पणजीत इन्स्टिट्यूट मिनेझिस ब्रागांझाच्या प्रवेशद्वाराशी जे मोठे आझुलेजो, म्हणजे रंगवलेल्या पोर्तुगीज टाइल्स, आहेत ते जॉर्ज कोलासो यांचे, १९३५ चे. पण त्यात फुलं शोधायला गेलीस तर निराश होशील. ती कामॉइश या पोर्तुगीज कवीच्या महाकाव्यातली दृश्यं आहेत, जहाजं, माणसं, लाटा. फुलं आहेत ती चौकटीपुरती. म्हणजे "गोव्याच्या निळ्या फुलांच्या टाइल्स" म्हणून आज जे खपवलं जातं त्यातलं बरंचसं अलीकडचं, पर्यटकांच्या हौसेचं.
तरी ती परकी म्हणून झटकून टाकू नये, हेही सांगतो. सतराव्या शतकात पोर्तुगालमधल्या चर्चांत वेदीच्या पुढच्या बाजूला टाइल्स बसवत. तिथे आधी महागडं कापड लावायची रीत होती. आणि टाइल्सवर नक्कल कशाची? आपल्याकडून गेलेल्या छापील-रंगवलेल्या सुती कापडाची! वेली, मोठी फुलं, फांद्यांवर मोर, मधूनच हरणं. लिस्बनच्या आझुलेजो संग्रहालयात असे नमुने आहेत. कोरोमांडलच्या कलमकारी कामगारानं काढलेली वेल तिकडे जाऊन मातीवर भाजली गेली. त्यांत पिवळा रंगही भरपूर, नुसता निळा नाही.

टाकाबाका
भाटकारबाब, हे सुंदरच. त्या कापडाची युरोपात इतकी धास्ती होती की फ्रान्सनं १६८६ मध्ये त्याच्यावर बंदी घातली, ती १७५९ ला उठली. तिथल्या विणकरांची पोटं मारली जात होती म्हणून. चोरून नेसतच होत्या बायका.

गप्पिष्ट_म्हापसा
म्हणजे स्टिकर लावलं तर निदान इतिहास तरी निळा होईल.
(क्रोशाचा रुमाल आहे. आईनं केलेला. टीव्हीवर नाही, फ्रीजवर.)

चुनखडी
आत्ता धागा वाचला. मी जुन्या घरांची नि देवळांची दुरुस्ती करतो, फोंड्याकडे. सुरंगी, तुझ्या तिसऱ्या फोटोत सिमेंटच्या फुटलेल्या कोपऱ्यातून आतला चुना दिसतोय. म्हणजे मूळ वृंदावन चुन्याचं होतं. मग दुसरीकडे कशाला शोधतेस? कावी कर.
ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: कावी म्हणजे लाल-पांढरं भित्तिकाम. गोव्यात आणि खाली उत्तर कन्नडपर्यंत. मोरजीच्या मोरजाई देवळात आहे, शिरसीच्या मारिकांबेच्या देवळात आहे. डॉ. कृष्णानंद कामत यांनी या कलेचे फोटो काढून, नोंदी करून ठेवल्या, म्हणून बरंचसं आज निदान कागदावर तरी उरलंय. बऱ्याच ठिकाणी जीर्णोद्धाराच्या नावाखाली भिंती पाडल्या किंवा त्यांवर टाइल्स चिकटवल्या.
काम असं चालतं. शिंपल्यांचा भाजलेला चुना, वाळू, त्यात गुळाचं पाणी. हे मिश्रण दिवसेंदिवस भिजत ठेवायचं, मग कुटून कुटून लोण्यासारखं मऊ करायचं. त्याचा गिलावा भिंतीवर. तो ओला असतानाच वर हुरमुंजाचा, म्हणजे लाल मातीच्या चुन्यात कालवलेल्या रंगाचा पातळ थर. तो गुळगुळीत दगडानं घोटायचा. आणि मग लोखंडी कंट्यानं, म्हणजे टोकदार हत्यारानं, वरचा लाल थर खरवडून काढायचा, की आतला पांढरा दिसतो. तेवढंच. कुंचला नाही, दुसरा रंग नाही. गिलावा वाळायच्या आत हात संपला पाहिजे, म्हणून जेवढं एका बैठकीत होईल तेवढाच तुकडा लिंपतात. नंतर बरेच दिवस पाणी मारत राहायचं.
आता यात फूल कसं येतं ते बघ. छटा देता येत नाही. पाकळीचा गुलाबीपणा, पानाचा हिरवेपणा, सगळं बाद. उरते फक्त कड, आणि लाल कुठे ठेवायचा नि पांढरा कुठे उघडा पाडायचा याचा हिशेब. म्हणून कावीतली फुलं बहुतेक वर्तुळातली असतात. दोरी नि खिळा घेऊन मोठं वर्तुळ काढायचं, त्याच मापानं कडेवर सहा टोकं घ्यायची, प्रत्येक टोकावरून कमान फिरवली की मधे सहा पाकळ्यांचं फूल तयार. त्याच्या आत पुन्हा लहान. कडेला वेल हवी तर अर्धवर्तुळं एकाआड एक वर-खाली लावत जायची, प्रत्येक खोबणीत एक पान. मोर, हत्ती, पुराणातले प्रसंगही असतात, पण ते हात बसलेल्या माणसाचं काम.

भाटकार_मडगाव
वर्तुळांवरून आठवलं. सतराव्या शतकात गोव्यात जी पेटीवजा कपाटं बनत, खूप खणांची, काळं लाकूड नि हस्तिदंत जडवलेली, त्यांच्या दर्शनी भागावर एकमेकांत गुंतलेली वर्तुळंच वर्तुळं असतात. पाय मात्र नागकन्येचे नाहीतर जलपरीचे. सुतारही कंपासवालाच!
आणि जुन्या गोव्यात सेंट फ्रान्सिस ऑफ असिसीच्या चर्चमध्ये जा. सध्याची इमारत १६६१ ची. लोक सोनेरी वेदी बघून बाहेर पडतात. मान वर करून कमानी बघा, वेलबुट्टी रंगवलेली आहे, ती इथल्याच हातांची. तिथे कुंचला होता, म्हणून वेल हवी तशी वळते.

सुरंगी
अरे वा, एवढं कुणी सांगितलंच नव्हतं. चुनखडी, दोन शंका. आबोली नाहीच का येणार कावीत? माझा जीव आबोलीवर आहे. आणि चवथीपर्यंत होईल का?

चुनखडी
आबोलीची पाकळी पातळ, एका बाजूला पसरलेली, नि तिचं सगळं रूप रंगात. चुन्यात ती फाटक्या पानासारखी दिसेल. वळेसर (गजरा) करून देवीला घाल, वृंदावनावर कमळ कर. किंवा जाई. जाईच्या पाकळ्या सुट्या, टोकदार, कंट्याला सोप्या.
चवथीचं विसर. उघड्यावरचं काम आहे, श्रावण-भाद्रपदाच्या सरीत ओला गिलावा धुऊन जाईल. दसरा झाला की सुरू कर, तुळशीच्या लग्नाला तयार. तोवर सिमेंट नि ऑइलपेंट दोन्ही पूर्ण खरवडून काढायला लाव, पण छिन्नी हलक्या हातानं. आतला चिरा ओलावा घेतो नि सोडतो. वरून सिमेंट असलं की तो ओलावा आतच कोंडतो आणि पापुद्रे सुटतात. तुझा रंग पडतोय तो याच्यामुळे, रंगवणाऱ्याचा दोष नाही.

रानफूल_सत्तरी
जाईला माझं अनुमोदन. म्हार्दोळच्या म्हाळसा देवळात श्रावणात जायांची पूजा होते ती पाहिलीय का कुणी? गोव्यातली फुलांची नक्षी म्हणून मी आधी तिचं नाव घेईन, मग माटोळीचं. गणपतीच्या वर टांगतात त्या माटोळीत नारळ, सुपारीचे घोस, कवंडाळ, आंब्याचे टाळे, रानातली फळं-फुलं असं बांधतात की खालून बघताना जाजमासारखी नक्षी दिसते. स्पर्धेत तर लोक त्यातून चित्रंच्या चित्रं उभी करतात. मला ते आवडत नाही. फळांनी गणपतीचं तोंड कशाला बनवायचं? साधी, चौकटीत नीट बांधलेली माटोळी बघावी. आणि सांजावच्या, म्हणजे सेंट जॉनच्या सणाच्या दिवशी डोक्यावर घालतात ती फुलांची कोपेलं (मुकुट) विसरू नका! रानवेल, हाताला लागतील ती फुलं, मोकळेपणानं गुंडाळलेली.

तिखटजाळ
रानफूल, हे सगळं दोन दिवसांत कोमेजतं. ताईंना टिकाऊ हवंय.

रानफूल_सत्तरी
म्हणूनच तर दरवर्षी नवं करतात, नि करायचं विसरत नाहीत. चुन्याच्या भिंती टिकाऊ होत्या, त्या पाडल्या.

लाखेरी
इतके सगळे बोलले पण कुंकळ्ळीच्या चिताऱ्यांचं, लाकडावर लाखेचं नि रंगाचं काम करणाऱ्यांचं, नाव कुणी घेतलं नाही? लग्नातले पाट, चौरंग, पाळणे, पोरांची खेळणी. आमच्या घरी आजीचा पाट अजून वापरात आहे.
टाकाबाकांचं हत्यारावरचं म्हणणं लाखकामाला तंतोतंत लागू. लाकूड चरकावर फिरत असतं, लाखेची रंगीत कांडी त्याला टेकवायची, घर्षणाच्या उष्णतेनं लाख वितळून बसते, मग केवड्याच्या पानानं घोटून चकाकी आणायची. फिरत्या लाकडावर फूल येणारच नाही, पट्टेच येणार. पाळण्याच्या दांड्या, लाटणी, भोवरे सगळे पट्ट्यापट्ट्यांचे. फुलं येतात ती सपाट लाकडावर, पाटाच्या पाठीवर, कुंचल्यानं. तिथे पुन्हा कडेला वेल, मधे मोठं फूल.
शेजारी सावंतवाडीतही हेच काम, शिवाय गंजिफा, म्हणजे हातानं रंगवलेले गोल पत्ते. दशावतारी गंजिफा १२० पानांचा, दहा अवतारांची प्रत्येकी बारा पानं. गोल पान तळहाताहून लहान, तरी कडेला वेलीची पट्टी काढतातच. ते काम थांबत आलं होतं, सावंतवाडीच्या राजघराण्यानं उचलून धरलं म्हणून आज राजवाड्यात बसून करणारे कलाकार दिसतात.

गप्पिष्ट_म्हापसा
मग आमच्या कुणबी साडीवर एकही फूल का नाही ते सांगा आता. हत्यार होतं की माग. लाल चौकडी, झालं.

टाकाबाका
चांगला प्रश्न विचारलात, पहिल्यांदाच. साधा माग, साधी वीण. उभ्या धाग्यात रंग बदलला की उभी रेघ, आडव्यात बदलला की आडवी, दोन्ही मिळून चौकडी. फूल विणायचं तर जादा सूत, जादा वेळ, म्हणजे जादा पैसा. जी बाई गुडघ्याच्या वर साडी खोचून शेतात लावणीला उतरणार तिला मोकळे लोंबते धागे परवडत नाहीत, अडकून फाटतात. म्हणून तिची फुलं अंबाड्यात, कापडात नाहीत. फॅशन डिझायनर वेंडल रॉड्रिक्स यांनी ती साडी पुन्हा लोकांपुढे आणली तेव्हा त्यांनीही चौकडीच ठेवली, हे मला त्यांचं मोठेपण वाटतं. ते २०२० मध्ये गेले. आता बाजारात "कुणबी" म्हणून काठाला कोयऱ्या छापलेल्या साड्या येतात, त्या बघून चिडचिड होते.

तिखटजाळ
टाकाबाका, जरा दमानं. लोकांना आवडतं ते लोक नेसणार. काश्मीरची कोयरी स्कॉटलंडनं घेतली ती चालली, कुणबी साडीनं घेतली तर पाप?

टाकाबाका
पाप नाही. पण कुणबी म्हणून विकू नका, एवढंच. पेझलीवाल्यांनीही काश्मिरी विणकरांच्या ताटातलं ओढलंच होतं, मी ते चांगलं म्हटलेलं नाही वर.

भाटकार_मडगाव
तिखटजाळांचा मुद्दा अगदीच सोडून देऊ नका. त्या कमानींवरच्या वेली काढणाऱ्यानंही कुणाचंतरी बघूनच काढल्या असतील. फरक पडतो तो हात किती मुरला याचा.

सुरंगी
ठरलं मंडळी. ओसरीचं स्टिकर रद्द, तिथे नुसती चुन्याची सफेदी. वृंदावनाला कावी. चुनखडींनी मला एका वयस्क गवंड्याचा पत्ता कळवला, त्यांच्याशी बोलले. चारपैकी तीन बाजूंना वर्तुळातलं कमळ, खाली जाईची पट्टी. चौथ्या बाजूवर सासूबाई अडून बसल्यात. म्हणतात, "माझ्या हळदीकुंकवाची चांदीची कोयरी माहेरची आहे, तशीच दोन समोरासमोर हवीत." मी वाद घातला नाही. कावीत कोयरी जमते का?

चुनखडी
जमते, कंट्यानं काढली तर. स्टेन्सिल नको. मोठं वर्तुळ काढायचं, त्याच्या वरच्या अंगाला बाजूला लहान वर्तुळ, दोन्ही जोडणारी एक लांब कमान बाहेरून नि एक आखूड आतून. शेंडा निमुळता करायचा नाही. बोटाच्या पेरापेक्षा बारीक टोक ठेवलं की लाल थराचा तुकडा तिथून उडतो, पहिल्याच पावसात. पोटात बारीक नक्षी भरू नका, एकच सहा पाकळ्यांचं फूल, बस.
दोन्ही कोयऱ्या एकाच बैठकीत करून घ्या, नाहीतर दुसऱ्या दिवशीच्या गिलाव्याचा लाल वेगळा दिसतो. आणि गवंड्याला आधी एका सुट्या चिऱ्यावर लिंपून करून दाखवायला सांगा, सासूबाईंच्या समोर. चांदीची कोयरी शेजारी ठेवा. त्यांना वळण पटलं की मग वृंदावनाला हात लावायचा.

गप्पिष्ट_म्हापसा
तो चिरा नंतर टाकून देणार असाल तर मला द्या. दारात ठेवतो.